कृत्तिकांचा बंध

मार्गशीर्षाच्या अमावास्येच्या आसपासची एखादी निरभ्र रात्र निवडावी, जेवणें आटोपल्यावर नऊच्या सुमारास गच्चीवर किंवा गांवाबाहेरच्या माळावर जावें, आणि दिव्यांकडे पाठ करून दहा मिनिटें स्वस्थ बसावें. डोळे काळोखाला सरावले म्हणजे जवळजवळ माथ्यावर बारीक तारकांचा एक झुपका दिसूं लागतो. प्रथम तो नुसता धुरकट ठिपका वाटतो. मग त्यांतून एकेक तारका सुटी होऊं लागते. हेंच कृत्तिका नक्षत्र. आकाशांत याहून तेजस्वी तारे पुष्कळ आहेत, परंतु इतके ठळक तारे इतक्या दाटीनें बसलेले साध्या डोळ्यांना दुसरीकडे कोठेंहि दिसत नाहींत.

एकदां वसतिगृहाच्या गच्चीवर कांहीं विद्यार्थ्यांना आम्हीं या तारका मोजावयास सांगितल्या. बहुतेकांनीं सहा सांगितल्या, दोघांनीं सात, आणि एका मुलानें नऊ सांगून इतरांचा रोष ओढवून घेतला. त्याचें खोटें असेलच असें नाहीं. दुर्बिणीचा शोध लागण्यापूर्वीं, १५७९ च्या सुमारास, केप्लरचा गुरु मिखाएल मेस्टलिन यानें नुसत्या डोळ्यांनीं येथें अकरा तारका नोंदल्या होत्या. ही मोजदाद चालू असतां खालच्या इयत्तेंतील एका मुलानें विचारलें, "सर, ह्या तारका खरोखरच एकमेकींजवळ आहेत, कीं आपल्याला नुसत्या तशा दिसतात?"

मोजणाऱ्यांच्या गलबल्यांत त्याच्या प्रश्नाकडे कोणी लक्ष दिलें नाहीं. पण त्या रात्रीं विचारला गेलेला खरा प्रश्न तोच होता. रात्रीं घाटाच्या पायथ्याशीं उभे राहून पाहिलें तर दूरच्या डोंगरावरील खेड्यांतला दिवा आणि जवळच्या वळणावरून येणाऱ्या सायकलीचा दिवा अगदीं शेजारीं शेजारीं दिसतात. त्या दोहोंमध्यें दोन कोसांचें अंतर असतें, आणि डोळ्यांना तें सांगतां येत नाहीं. आकाशांत तर सगळेच दिवे असे. कोणता जवळचा, कोणता दूरचा, हें नुसत्या पाहण्यानें कळण्याचा कांहींच मार्ग नाहीं. दुर्बीण हातीं आल्यावरहि दीडशें वर्षें या मुलाच्या प्रश्नाला आधारपूर्वक उत्तर देणारा कोणी भेटला नव्हता.

कृत्तिका एकत्र आहेत असें मानण्याची संवय मात्र माणसाला फार जुनी. तैत्तिरीय ब्राह्मणांत सात कृत्तिकांचीं नांवें दिलीं आहेत: अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयंती, मेघयंती, वर्षयंती व चुपुणीका. यांतील तिघींच्या नांवांत ढग आणि पाऊस आहेत. पुढें पुराणांतरीं त्या कार्तिकेयाच्या सहा माता झाल्या. ग्रीक लोकांनीं त्यांना सात बहिणी म्हटलें आणि सातवी दिसेनाशी कां झाली याच्या कथा रचल्या. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहींत असें शतपथ ब्राह्मणांत सांगितलें आहे. तें वाक्य घेऊन आपल्याकडील शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनीं, कृत्तिका बरोबर पूर्वेस केव्हां उगवत असतील याचें गणित केलें आणि तो काल शकापूर्वीं सुमारें तीन हजार वर्षें ठरविला. त्यांचा 'भारतीय ज्योतिःशास्त्र' हा ग्रंथ १८९६ सालीं पुण्यास छापला गेला. तें अनुमान सर्वांस मान्य नाहीं. पण रत्नागिरी जिल्ह्यांतील मुरूड गांवीं जन्मलेल्या एका शिक्षकानें एका वाक्यावरून आणि एका झुपक्यावरून एवढा विचार करावा हें लक्षांत ठेवण्यासारखें आहे.

पवित्र शास्त्रांतील ईयोबाच्या ग्रंथाच्या ३८ व्या अध्यायांत परमेश्वर ईयोबाला प्रश्नामागून प्रश्न विचारतो. त्यांतला एक कृत्तिकांविषयीं आहे: त्यांना एकत्र बांधणें तुझ्या हातचें आहे काय? ज्यानें कोणी तें लिहिलें त्याला कृत्तिका बांधलेल्या आहेत याविषयीं शंका नव्हती. शास्त्रज्ञाला मात्र तो बंध आधीं सिद्ध करावा लागला.

१६१० सालच्या मार्च महिन्यांत गॅलिलिओनें व्हेनिस येथें एक लहानसें पुस्तक प्रसिद्ध केलें. गुरूचे चार चंद्र आणि चंद्रावरील डोंगर यांसाठीं तें पुस्तक गाजलें. पण त्यांत कृत्तिकांचेंहि एक चित्र आहे. नेहमींच्या सहा तारकांभोंवतीं आपल्या दुर्बिणींतून चाळीसांहून अधिक बारीक तारका दिसल्या असें तो सांगतो, आणि त्यांपैकीं छत्तीस त्यानें काढून दाखविल्या आहेत. तीच गत पुष्य नक्षत्राच्या जागीं, कर्क राशींत दिसणाऱ्या धुरकट ठिपक्याची. हा ठिपका प्राचीनांना ठाऊक होता; आकाश स्वच्छ असतांना तो दिसेनासा झाला तर वादळ येतें असें ग्रीक कवि अरेटस यानें लिहून ठेविलें आहे. गॅलिलिओला तो ठिपका म्हणजे चाळीसांहून अधिक तारकांची गर्दी आहे असें आढळलें. आतां झुपके मोठे झाले, प्रश्न मात्र होता तेथेंच राहिला. सहा तारका एकत्र दिसतात याच्या जागीं चाळीस एकत्र दिसतात एवढेंच.

उत्तराकडे पहिलें पाऊल ज्यानें टाकलें तो एक इंग्लिश धर्मोपदेशक होता. जॉन मिचेल (१७२४–१७९३) हा प्रथम केंब्रिज येथें भूगर्भशास्त्राचा प्राध्यापक होता. पुढें यॉर्कशायरमधील थॉर्नहिल या गांवीं देवळाची सेवा करूं लागला. १७६७ सालीं रॉयल सोसायटीच्या नियतकालिकांत त्याचा एक निबंध छापून आला. त्यांत त्यानें दुर्बिणीला हात न लावतां केवळ गणितानें कृत्तिकांचा प्रश्न हाताळला आहे. ती विचारपद्धति इतकी सरळ आहे कीं शाळेंतील विद्यार्थ्यानें ती समजून घ्यावी.

असें समजा कीं एका मोठ्या खळ्यावर डोळे मिटून जोंधळ्याचे पंधराशें दाणे उधळले. ते कसेहि पडतील. कोठें दोन जवळ पडतील, कोठें तीनहि. पण त्यांतले सहा दाणे नेमके एका लहानशा टिकलीएवढ्या जागेंत येऊन पडले, तर पाहणारा काय म्हणेल? तो म्हणेल, हे उधळले गेले नाहींत, हे कोणीतरी येथें ठेविले आहेत, किंवा एकमेकांना चिकटलेले होते. मिचेलनें हाच विचार आकाशाला लावला. कृत्तिकांतील सहा ठळक तारकांइतके किंवा त्यांहून तेजस्वी असे तारे सर्व आकाशांत सुमारें पंधराशें आहेत असें त्यानें धरलें. संपूर्ण आकाशगोल झांकावयास पूर्णचंद्राच्या आकाराचीं दोन लाखांवर बिंबें लागतील. आणि या सहा तारका तर दोन-सव्वादोन चंद्रबिंबांच्या रुंदीच्या जागेंत बसल्या आहेत! हें केवळ यदृच्छेनें घडलें असण्याचा संभव पांच लाखांत एक, असें त्याचें गणित निघालें. तेव्हां त्यानें निष्कर्ष काढला कीं, गुरुत्वाकर्षण असो वा निर्मात्याची दुसरी कांहीं योजना असो, या तारका एकत्र असण्याला कारण आहे. त्या नुसत्या दिसत नाहींत, त्या आहेत.

या गणिताला पुढें १८५० च्या सुमारास फोर्ब्झ या स्कॉटिश शास्त्रज्ञानें हरकत घेतली. कोणतीहि मांडणी आधीं डोळ्यांनीं पाहून मग तिची असंभाव्यता काढली तर ती नेहमींच प्रचंड निघेल, असें त्याचें म्हणणें. हरकतींत तथ्य आहे, आणि पांच लाख हा आंकडा आज कोणी प्रमाण मानीत नाहीं. पण आमच्या मतें मिचेलचें मोठेपण त्या आंकड्यांत नाहींच. डोळ्यांनीं सुटत नाहीं असा आकाशांतील प्रश्न संभवाच्या गणितानें सोडवून पाहावा ही कल्पना त्याची, आणि त्याचा निष्कर्ष खरा ठरला.

मिचेलचा निबंध छापला गेला त्याच सुमारास पॅरिसमध्यें शार्ल मेस्ये नांवाचा एक ज्योतिषी रात्रीमागून रात्री धूमकेतु शोधीत होता. त्याला तारकागुच्छांचें कौतुक नव्हतें. उलट त्यांचा त्याला त्रास होई, कारण लहान दुर्बिणींतून अंधुक तारकागुच्छ आणि अंधुक धूमकेतु सारखेच दिसतात. फसगत टाळण्यासाठीं त्यानें अशा वस्तूंची यादी करावयास घेतली. १७६९ सालच्या ४ मार्चच्या रात्रीं त्यानें पुष्यांतील ठिपका ४४ वा आणि कृत्तिका ४५ व्या म्हणून टिपल्या. कृत्तिकांना धूमकेतु समजणारा मनुष्य कोठें भेटणार, हें एक कोडेंच आहे! दुसऱ्या एका ज्योतिष्याच्या यादींत बेचाळीस नोंदी होत्या, त्यापेक्षां आपली मोठी व्हावी म्हणून त्यानें ही भर घातली असावी असें अनेकांना वाटतें. १७८१ पर्यंत ती यादी १०३ वर गेली. मेस्येचे धूमकेतु आज फार थोड्यांना ठाऊक आहेत. टाळावयाच्या वस्तूंची ती यादी मात्र जगांतील प्रत्येक आकाशनिरीक्षकाच्या हातीं असते.

त्या यादींतील तेराव्या क्रमांकाची वस्तु शौरी नामक तारकासमूहांत आहे. हॅलीनें ती १७१४ सालीं प्रथम पाहिली; मेस्येनें तीमध्यें एकहि तारा नाहीं असें खात्रीनें लिहिलें. थोड्याच वर्षांनीं विल्यम हर्शेलनें आपली मोठी दुर्बीण तिकडे वळविली तेव्हां ती हजारों ताऱ्यांचा गोळा निघाली. हा हर्शेल मूळचा हॅनोवरचा वादक. इंग्लंडांत बाथ या गांवीं तो ऑर्गन वाजवी, गाणें शिकवी, आणि रात्रीं स्वतः घासून तयार केलेल्या आरशांनीं आकाश पाही. आरसा घासतांना मध्येंच हात थांबला तर काम बिघडे. म्हणून त्याची बहीण कॅरोलिन त्याला घांस भरवीत असे. तीच त्याचीं निरीक्षणें लिहून घेई, तीच त्यांची मांडणी करी, आणि सवड मिळेल तेव्हां स्वतःची लहान दुर्बीण घेऊन आकाश चाळी. तिनें आठ धूमकेतु शोधून काढले, आणि १७८३ सालीं शर्मिष्ठेच्या तारकासमूहांत एक सुंदर तारकागुच्छहि शोधला. १७८७ पासून तिला राजाकडून वर्षास पन्नास पौंड वेतन मिळूं लागलें. भावाबहिणींनीं मिळून अडीच हजार तेजोमेघ व तारकागुच्छ नोंदविले.

मिचेलच्या तर्काला प्रत्यक्षाची जोड मिळाली तीहि हर्शेलच्या हातून. पुनर्वसूच्या दोन ताऱ्यांपैकीं कॅस्टर हा दुर्बिणींतून जोडतारा दिसतो. हर्शेलनें त्याच्या दोन घटकांची दिशा सुमारें पाव शतकभर मोजून १८०३ सालीं दाखवून दिलें कीं, ते दोघे एकमेकांभोंवतीं फिरत आहेत. शेजार आभासाचा असता तर फिरणें शक्य नव्हतें. पृथ्वीला बांधणारें गुरुत्वाकर्षण तेथेंहि आहे हें त्यावरून कळलें. मिचेलला जाऊन तेव्हां दहा वर्षें झालीं होतीं. (येथें एक गोष्ट सांगावीशी वाटते. दक्षिणेकडील तेजस्वी मित्र तारा हाहि जोडतारा आहे, आणि तें प्रथम हिंदुस्थानांतून दिसलें. १६८९ सालच्या डिसेंबरांत फादर रिशो हे जेझुइट मिशनरी पाँडिचेरी येथें एका धूमकेतूचें निरीक्षण करीत असतांना त्यांना ते दोन तारे वेगळे दिसले.)

आतां गुरुत्वाकर्षणाचा बंध आहे हें मान्य केलें, म्हणून जवळ दिसणारे सगळेच तारे नात्याचे ठरतात काय? कृत्तिकांच्या मागोमाग उगवणारी रोहिणी याचें उत्तर देते. रोहिणीचा तांबूस तारा आणि त्याच्या शेजारच्या फिक्या तारका मिळून एक पाचर किंवा गाड्यासारखी आकृति होते. आपल्या जुन्या ज्योतिष्यांनीं तिला रोहिणीशकट म्हटलें, आणि शनीनें तो शकट भेदला तर घोर अवर्षण पडतें असें लिहून ठेविलें. त्या आकृतींत रोहिणी सर्वांत तेजस्वी. जणूं कुटुंबांतील कर्ती बाईच. १९०८ सालीं लुइस बॉस या अमेरिकन ज्योतिष्यानें त्या फिक्या तारकांच्या अत्यंत मंद गति तपासल्या. त्या सर्व आकाशांतील एकाच बिंदूकडे चाललेल्या दिसतात. आगगाडीचे रूळ समांतर असूनहि दूरवर एकत्र मिळाल्यासारखे दिसतात, त्यांतलाच हा प्रकार. याचा अर्थ त्या तारका एकाच दिशेनें, एकाच वेगानें, थव्यासारख्या चालल्या आहेत. रोहिणी त्या थव्यांत नाहीं! तिची गति निराळी. अंतरें मोजलीं गेलीं तेव्हां कळलें कीं, तो तारकागुच्छ आपणांपासून सुमारें १५० प्रकाशवर्षें दूर आहे आणि रोहिणी सुमारें ६५. ती त्यांच्यापुढें, अर्ध्याहून कमी अंतरावर उभी आहे. घाटांतील सायकलीचा दिवाच म्हणाना. (एक प्रकाशवर्ष म्हणजे सुमारें साडेनऊ लाख कोटि किलोमीटर.)

कृत्तिकांपुरतें बोलावयाचें तर त्यांच्या बाबतींतहि एक फसगत झाली. १८५९ सालीं टेंपेल याला एका कृत्तिकेभोंवतीं अंधुक तेज दिसलें. १८८५ सालीं पॅरिसच्या आंरी बंधूंनीं छायाचित्र घेतलें तेव्हां तसेंच तेज दुसऱ्या एका तारकेपाशींहि उमटलें. ज्या मेघांतून कृत्तिका जन्मल्या त्याचाच हा अवशेष असें बरींच वर्षें समजलें जाई. पुढें दोहोंच्या गति जुळत नाहींत असें आढळलें. तो मेघ परका आहे. कृत्तिका सध्यां त्याच्यामधून चालल्या आहेत आणि त्यांच्या प्रकाशानें त्याची धूळ उजळली आहे, इतकेंच. तारकांचा शेजार खरा निघाला, मेघाचा आगंतुक निघाला. पाहिलेल्या प्रत्येक सान्निध्याची अशी वेगवेगळी चौकशी करावी लागते.

येथवर सांगितलेल्या कृत्तिका, पुष्य व रोहिणीशकट यांतील गुच्छ खुले तारकागुच्छ होत. यांत शेंकडों, फार तर कांहीं हजार तारे असतात. शौरींतील गुच्छ दुसऱ्या जातीचा, गोलाकार. त्यांत लाखों तारे मध्याकडे दाटत गेलेले असतात. या जातीचा सर्वांत भव्य गुच्छ पाहण्याचें भाग्य ग्रीनिचच्या ज्योतिष्याला नाहीं, पण आपल्याला आहे. वैशाखांतील चांदणें नसलेल्या रात्रीं दहा-साडेदहाच्या सुमारास चित्रा नक्षत्र दक्षिणेला उंच येतें. तेथून सरळ खालीं, क्षितिजाच्या दिशेनें उतरावें. पुण्याहून पाहिलें तर क्षितिजापासून सुमारें २४ अंशांवर एक अस्पष्ट, किंचित् फुगलेला तारा दिसेल. टॉलेमीनें तो तारा म्हणूनच नोंदला. नरतुरंगांतील ओमेगा हें ताऱ्याचें नांवहि त्याला मिळालें. १६७७ सालीं तरुण हॅलीनें सेंट हेलेना बेटावरून तो तारा नव्हे असें ओळखलें. त्यांत सुमारें एक कोटि तारे आहेत, आणि त्यांचा प्रकाश आपल्याकडे येण्यास १६ ते १७ हजार वर्षें लागतात. शहरांतील दिव्यांच्या झगमगाटांत तो दिसणार नाहीं. उन्हाळ्याच्या सुटींत आजोळीं गेलेल्यांनीं अवश्य पाहावा.

इतकीं अंतरें मोजलीं कशीं? हार्वर्डच्या वेधशाळेंत हेन्रिएटा लेव्हिट ही कानांनीं अधू झालेली बाई तासाला तीस सेंट मजुरीवर छायाचित्रांच्या कांचा तपासण्याचें काम करी. कांहीं ताऱ्यांचें तेज ठराविक काळानें कमीअधिक होतें. त्यांस रूपविकारी तारे म्हणतात. १९१२ सालीं तिनें दाखविलें कीं, त्यांतील एका जातीचा तारा जितका अधिक तेजस्वी तितका त्याचा फेरा अधिक दिवसांचा. म्हणजे फेऱ्याचे दिवस मोजले कीं ताऱ्याचें खरें तेज कळतें, आणि खऱ्या तेजाची दिसणाऱ्या तेजाशीं तुलना केली कीं अंतर निघतें. हार्वर्डच्याच सोलन बेली यानें गोलाकार गुच्छांतून असे शेंकडों रूपविकारी तारे आधींच शोधून ठेविले होते.

हें साधन उचललें हार्लो शॅप्ली यानें. माउंट विल्सनवर रात्रीं तो ताऱ्यांचे वेध घेई, आणि दिवसां वेधशाळेच्या भिंतीवरील मुंग्यांचा वेग मोजी. उष्णमान वाढलें कीं मुंग्या जलद धांवतात हें त्यानें आंकड्यांनिशीं सिद्ध केलें. पण त्याच्या नजरेत भरली ती दुसरीच गोष्ट. गोलाकार तारकागुच्छ आकाशभर सारखे पसरलेले नाहींत. त्यांची गर्दी धनु राशीच्या बाजूला आहे. जत्रेच्या मध्यभागीं उभे राहिलें तर चहूंकडे सारखेच दिवे दिसतात; एकाच बाजूला दिवे दाटलेले दिसले तर आपण जत्रेच्या कडेला आहोंत असें समजावें. १९१८ सालीं शॅप्लीनें जाहीर केलें कीं, आकाशगंगेचा मध्य धनु राशीच्या दिशेस आहे आणि सूर्य त्यापासून फार दूर, बाजूला पडला आहे. कोपर्निकसानें पृथ्वीला मध्यावरून हालविलें. शॅप्लीनें सूर्याला हालविलें. दिशा त्याची अचूक होती, अंतर मात्र जवळजवळ दुपटीनें चुकलें. आज तें सुमारें २६ हजार प्रकाशवर्षें मानतात.

या चुकीचें एक कारण तारकागुच्छांनींच उघड केलें. १९३० सालीं लिक वेधशाळेंतील रॉबर्ट ट्रंप्लर यानें शंभर खुल्या गुच्छांचीं अंतरें त्यांच्या तेजावरून काढलीं. मग एक विचित्र गोष्ट दिसूं लागली: गुच्छ जितका दूर तितका तो आकारानें मोठा! आपल्यापासून दूर असणें एवढ्यावरूनच कोणी मोठें होत नाहीं. ट्रंप्लरनें ओळखलें कीं, मोकळी वाटणारी जागा मोकळी नाहीं. ताऱ्यांमध्यें बारीक धूळ पसरली आहे, तिच्यामुळें दूरचे गुच्छ मंद दिसतात आणि आपण त्यांना अधिकच दूर समजतों.

तारकागुच्छांचा आणखी एक मोठा उपयोग आहे. गुच्छांतील तारे बहुधा एकाच सुमारास एकाच मेघांतून जन्मलेले. म्हणजे एका इयत्तेंतील मुलांप्रमाणें समवयस्क. वय एकच, वजनें मात्र भिन्न. जड तारा अतिशय तेजस्वी, पण उधळ्या. आपलें इंधन तो कांहीं कोटि वर्षांत संपवितो. सूर्यासारखा बेताचा तारा सुमारें हजार कोटि वर्षें पुरवून खातो. तेव्हां गुच्छांतील किती वजनाचे तारे संपले आणि किती वजनाचे शिल्लक आहेत हें पाहिलें कीं, गुच्छाचें वय निघतें. डॅनिश शास्त्रज्ञ हर्ट्झस्प्रुंग यानें १९११ सालीं ताऱ्यांचा रंग व तेज यांचा जो आलेख काढला तो प्रथम कृत्तिका आणि रोहिणीशकटांतील गुच्छ यांचाच होता. त्याच वाटेनें पुढें कळलें कीं, गोलाकार गुच्छ बाराशें कोटि वर्षांच्या आसपासचे जुने आहेत, आणि कृत्तिका अवघ्या दहा-बारा कोटि वर्षांच्या. त्या जन्मल्या तेव्हां पृथ्वीवर डायनोसॉर वावरत होते.

कृत्तिकांच्या अंतराविषयीं अगदीं अलीकडेहि वाद झाला. १९९७ सालीं हिप्पार्कोस या उपग्रहाच्या मोजणींतून तें ३९० प्रकाशवर्षांच्या आंत निघालें, आणि ज्योतिषी गोंधळले. कारण इतर सर्व पद्धतींनीं तें ४४० च्या जवळ येत होतें. जवळचें माप चुकलें तर त्यावर रचलेलीं दूरचीं मापें डळमळतात. २०१४ सालीं रेडिओ दुर्बिणींनीं आणि त्यानंतर गाया उपग्रहानें जुनें मापच बरोबर ठरविलें. म्हणजे आज आपल्या डोळ्यांत शिरणारा कृत्तिकांचा प्रकाश निघाला तो सुमारें १५८० च्या आगेमागें, मेस्टलिन आपल्या अकरा तारका मोजीत होता त्याच सुमारास.

त्या मुलाच्या प्रश्नाचें उत्तर असें आहे: होय, त्या एकत्र आहेत, एक हजारांहून अधिक आहेत, एकमेकींच्या गुरुत्वाकर्षणानें बांधलेल्या आहेत. पण हा बंध सैल आहे. गुच्छांतील तारे एकमेकांना ओढतां ओढतां मधूनमधून एखाद्याला बाहेर फेंकतात. वाटेंत भेटणारे मोठे मेघ आणि सर्व आकाशगंगेची ओढ त्यांना आणखी विस्कटते. सुमारें पंचवीस कोटि वर्षांनीं कृत्तिका हा झुपका उरणार नाहीं. तारका असतील, पण आकाशांत चहूंकडे पांगलेल्या. दाट गोलाकार गुच्छांचा बंध मात्र असा सहजासहजीं सुटत नाहीं, आणि म्हणूनच ते इतके वृद्ध होऊं शकले.

आपला सूर्यहि सुमारें ४६० कोटि वर्षांपूर्वीं अशाच एखाद्या झुपक्यांत जन्मला असावा असें आज बहुतेक ज्योतिषी मानतात. तो झुपका केव्हांच विस्कटला. सूर्याचीं भावंडें आकाशगंगेंत कोठें कोठें गेलीं याचा तपास, ताऱ्यांच्या प्रकाशांतील मूलद्रव्यें ताडून आणि त्यांच्या गति मागें मोजीत नेऊन, सध्यां चालू आहे. २०१४ सालीं टेक्सासमधील ज्योतिष्यांनीं असा एक तारा सुचविला. तो आपणांपासून सुमारें ११० प्रकाशवर्षांवर आहे, आणि योगायोगानें शौरीच्याच तारकासमूहांत दिसतो. नुसत्या डोळ्यांना तो दिसत नाहीं, परंतु साध्या द्विनेत्री दुर्बिणींतून दिसतो. तो खरोखर सूर्याचा भाऊ आहे, कीं रोहिणीसारखा परका, याविषयीं अद्याप एकमत झालेलें नाहीं.